सहा सह्या आणि सहा सौदे

अमेरिकन बेसबॉलमध्ये जुलै महिना संपत आला की खेळाडूंचे फोन वाजू लागतात. त्या काळी ३१ जुलै ही संघांना आपसांत खेळाडूंची सरळ अदलाबदल करण्याची शेवटची तारीख असे. विजेतेपदाच्या शर्यतीतला संघ आपली उणीव भरून काढतो. मागे पडलेला संघ हाताशी असलेला चांगला माणूस देऊन पुढच्या वर्षांसाठी तरुण पोरं घेतो. याला ‘ट्रेड’ म्हणतात. बहुतेक खेळाडूंना त्यात विचारलं जात नाही, फक्त कळवलं जातं. ऑक्टाव्हिओ डोटेल नावाच्या पिचरला असं कळवण्यात आलं ३१ जुलै २००७ रोजी. मग ३१ जुलै २०१० रोजी. आणि पुन्हा २७ जुलै २०११ रोजी.

डोटेल १९९९ ते २०१३ या काळात मेजर लीगमधल्या तेरा संघांकडून खेळला. एका माणसाने इतक्या संघांच्या जर्सी घालण्याचा तो विक्रम होता. त्याच्याविषयीचं बहुतेक लेखन या तेराच्या आकड्याशी सुरू होतं आणि तिथेच संपतं. मी ती तेरा नावं एका कागदावर उतरवली आणि प्रत्येकासमोर तो तिथे कसा पोहोचला ते लिहीत गेलो. पहिला संघ बाजूला ठेवला तर उरतात बारा. त्यापैकी सहा ठिकाणी तो स्वतः करारावर सही करून गेला होता आणि सहा ठिकाणी त्याला पाठवण्यात आलं होतं. बरोबर निम्मं-निम्मं. ही वाटणी पाहिल्यावर मला त्याची कारकीर्द वेगळी दिसू लागली. एका कामगाराच्या पायात किती स्वतःची इच्छा असते आणि किती मालकाची, याचा तो चौदा-पंधरा वर्षांचा हिशेबच आहे.

आपण क्रिकेटवाले आहोत, तेव्हा आधी त्याचं काम काय होतं ते सांगायला हवं. बेसबॉलमध्ये चेंडू टाकणारा तो पिचर. सामना नऊ इनिंगचा, आणि क्रिकेटसारखी षटकं वाटून घेण्याची सोय नाही. एकच पिचर टाकत राहतो. तो थकला किंवा मार खाऊ लागला की मॅनेजर त्याला काढून दुसरा आणतो. एकदा बाहेर काढलेला पिचर त्या सामन्यात परत येऊ शकत नाही. सामना सुरू करणारा तो स्टार्टर; त्याच्या जागी येणारा तो रिलीफ पिचर. मैदानाच्या कडेला ‘बुलपेन’ नावाची जागा असते, तिथे ही रिलीफची मंडळी सामनाभर बसून राहतात. फोन वाजला की उठायचं, हात गरम करायचा आणि दुसऱ्याने करून ठेवलेल्या गोंधळात जाऊन उभं राहायचं.

पूर्वी या कामाला इज्जत नव्हती. चांगला पिचर नऊच्या नऊ इनिंग टाकणारच, असं धरलेलं होतं. रिलीफला पाठवायचे ते उरलेसुरले. १९२४ च्या सुमारास वॉशिंग्टनच्या संघाने फर्पो मारबेरी याला मुख्यतः याच कामासाठी वापरलं तेव्हा ते नवलाचं होतं. जिंकत आलेला सामना राखून देणाऱ्याच्या नावावर ‘सेव्ह’ लिहायची ही कल्पना शिकागोचे पत्रकार जेरोम होल्ट्झमन यांची, आणि तिला अधिकृत मान्यता मिळाली ती थेट १९६९ मध्ये. म्हणजे तोवर या लोकांनी केलेल्या कामाला धड नावसुद्धा नव्हतं. पुढे १९८८ मध्ये टोनी ला रूसा या मॅनेजरने डेनिस एकर्सलीला जवळपास फक्त शेवटच्या इनिंगपुरतं राखून ठेवायला सुरुवात केली आणि ‘क्लोजर’ हा रिलीफमधला सरदार जन्माला आला. क्लोजरला पैसा मिळतो, नाव मिळतं. सातव्या-आठव्या इनिंगमध्ये येऊन सामना त्याच्या हाती सुखरूप सोपवणाऱ्याच्या नावे मात्र लोकांच्या लक्षात राहील असं फारसं काही जमा होत नाही. डोटेल मुख्यतः हे मधलं काम करत राहिला.

अशा फिरत्या खेळाडूला इंग्रजीत ‘जर्नीमन’ म्हणतात. पुष्कळांना वाटतं की शब्द प्रवासावरून आला असेल. मुळात तो दिवस या अर्थाच्या फ्रेंच शब्दावरून आलेला आहे. युरोपातल्या कारागिरांच्या संघात शागिर्द आणि उस्ताद यांच्या मधला तो माणूस: काम पुरतं शिकलेला, पण स्वतःचं दुकान नसलेला आणि म्हणून दिवसाच्या मजुरीवर दुसऱ्याकडे राबणारा. आपल्याकडे शागिर्द आणि उस्ताद हे शब्द सहज वापरात आहेत. मधल्याला आपण नुसतं कारागीर म्हणतो. हुनर त्याच्या हातात असतं, कारखाना दुसऱ्याचा असतो. डोटेलसाठी मला हाच शब्द चपखल वाटतो.

तो मूळचा डोमिनिकन रिपब्लिकचा. जन्म २५ नोव्हेंबर १९७३, राजधानी सांतो दोमिंगोमध्ये. कॅरिबियन समुद्रातल्या एका बेटाचा हा पूर्वेकडचा भाग. एकोणिसाव्या शतकात क्युबातल्या स्वातंत्र्ययुद्धामुळे परागंदा झालेल्या लोकांनी तिथे बेसबॉल नेलं, १९१६ ते १९२४ या काळात अमेरिकी नौसैनिकांची फौज बेटावर ठाण मांडून होती तेव्हा ते आणखी पसरलं. एक गोष्ट आपल्या वाचकांना आवडेल. सान पेद्रो दे माकोरिस हे तिथलं साखर कारखान्यांचं गाव मोठे बेसबॉलपटू देण्यासाठी प्रसिद्ध आहे. ऊस तोडायला तिथे आजूबाजूच्या ब्रिटिश बेटांवरून मजूर आले होते आणि ते सोबत क्रिकेट घेऊन आले होते. त्यांच्या मुला-नातवंडांनी बॅट बदलली, खेळ बदलला. आज मेजर लीगमध्ये दहा खेळाडूंमागे साधारण एक डोमिनिकन असतो. त्यातला पहिला, ओझी व्हर्जिल, १९५६ मध्ये तिथे पोहोचला होता.

अमेरिकेतल्या मुलांची संघांमध्ये वाटणी होते ती ‘ड्राफ्ट’ नावाच्या पद्धतीने. डोमिनिकन पोरांना ती लागू नाही. संघांचे लोक बेटावर येऊन त्यांना कोवळ्या वयातच, सोळा-सतरा वर्षांचे असताना, करारात घेतात. त्या बाजारात एकोणिसाव्या वर्षी सही मिळणं म्हणजे उशीरच. डोटेलला न्यूयॉर्क मेट्सने १९९३ मध्ये घेतलं तेव्हा तो एकोणीस वर्षांचा होता. त्यानंतर सहा वर्षं तो खालच्या लीगमध्ये शागिर्दी करत होता. मेजर लीगमधला पहिला सामना खेळायला मिळाला तो जून १९९९ मध्ये.

त्याच वर्षी १७ ऑक्टोबरला मेट्स आणि अटलांटा यांच्यातला एक सामना नऊवर न संपता पंधरा इनिंग चालला. पावसात, रात्र चढेपर्यंत. तेराव्या इनिंगला डोटेल आला. पंधराव्यात त्याच्या हातून एक रन गेली आणि मेट्स बाहेर फेकले जाणार असं वाटलं. पण त्यांनी बरोबरी साधली, आणि मग रॉबिन व्हेंचुराने चेंडू कुंपणापार मारला. आनंदाने वेडे झालेले सहकारी त्याला मधेच मिठ्या मारायला धावले, त्यामुळे त्याची फेरी पूर्णच झाली नाही आणि चार ऐवजी एकच रन मोजली गेली. बेसबॉलच्या दंतकथांमधली ही रात्र आहे. तिची आठवण निघते ती व्हेंचुराच्या नावाने. विजयी पिचर म्हणून धावफलकावर नाव आहे डोटेलचं.

दोन महिन्यांनी, २३ डिसेंबर १९९९ रोजी, मेट्सने त्याला ह्यूस्टन अॅस्ट्रोजकडे पाठवलं. त्यांना माइक हॅम्प्टन हा नावाजलेला स्टार्टर हवा होता. डोटेल त्याची किंमत होता. सौदा पहिला.

ह्यूस्टनमध्ये त्याची सगळ्यात चांगली वर्षं गेली. २००२ मध्ये तो ८३ सामन्यांत उतरला, ९७ हून थोड्या जास्त इनिंग टाकल्या, ११८ जणांना स्ट्राइकआउट केलं. नऊ इनिंगमागे किती रन दिल्या हे सांगणारी त्याची सरासरी होती १.८५. पिचरची ही सरासरी तीनच्या आत असली तरी लोक खूश असतात. बॅटरला चकवून जाणारा वरच्या उंचीचा वेगवान चेंडू हे त्याचं मुख्य हत्यार. त्याच्या आधी, मागे ब्रॅड लिज आणि बिली वॅगनर असे दोघे तेवढेच भेदक. यातला वॅगनर २०२५ मध्ये हॉल ऑफ फेममध्ये निवडला गेला. डोटेल एकदाही ऑल-स्टार सामन्यासाठीसुद्धा निवडला गेला नाही.

११ जून २००३ ची संध्याकाळ मात्र सांगायलाच हवी. न्यूयॉर्क यांकीजच्या घरच्या मैदानावर ह्यूस्टनचा स्टार्टर रॉय ऑस्वाल्ट दुसऱ्याच इनिंगमध्ये जांघेच्या दुखापतीने बाहेर गेला. मग एकामागून एक पाच रिलीफ पिचर आले: मन्रो, सार्लूस, लिज, डोटेल, वॅगनर. सहा जणांनी मिळून नऊ इनिंगमध्ये यांकीजना एकही हिट मारू दिली नाही. हिट न देता सामना संपवणं ही एकट्या पिचरसाठी आयुष्यभराची कमाई असते. सहा जणांनी मिळून ते कधीच केलं नव्हतं. यांकीजविरुद्ध याआधीचा असा सामना १९५८ मधला. तो करणारा होइट विल्हेल्म, नऊ संघ फिरलेला आणि पुढे मुख्यतः रिलीफच्या कामावर हॉल ऑफ फेममध्ये गेलेला पहिला पिचर. योगायोग म्हणा, पण मला तो आवडतो. त्या संध्याकाळी आठव्या इनिंगमध्ये डोटेलने चार जणांना स्ट्राइकआउट केलं. तीन बाद झाले की इनिंग संपते, मग चार कसे? तिसरा स्ट्राइक चुकवलेला चेंडू कॅचरच्या हातून निसटला तर बॅटर पळत पहिल्या बेसवर पोहोचू शकतो. पिचरच्या नावे स्ट्राइकआउट लागतो, पण माणूस बाद होत नाही. मग कारागिराने तेच काम पुन्हा करायचं. डोटेलने केलं.

२००४ मध्ये वॅगनर दुसरीकडे गेल्यावर डोटेलला क्लोजरची जागा मिळाली. जूनमध्ये ह्यूस्टनला कार्लोस बेल्ट्रान हा फलंदाज मिळवायची संधी आली, तीन संघांनी मिळून अदलाबदल केली आणि डोटेल ओकलंडला गेला. त्या वर्षी दोन जर्सींमध्ये मिळून त्याने ३६ सेव्ह केल्या. पुढच्या वर्षी कोपर गेलं.

पिचरचं कोपर जातं म्हणजे हाडांना धरून ठेवणारा आतल्या बाजूचा बंध तुटतो. १९७४ पर्यंत याचा अर्थ कारकीर्द संपली असाच होता. त्या वर्षी डॉ. फ्रँक जोब यांनी टॉमी जॉन या पिचरच्या मनगटाकडचा कंडरा काढून कोपरात बसवला, आणि ही शस्त्रक्रिया आजही डॉक्टरच्या नव्हे तर त्या रुग्णाच्या नावाने ओळखली जाते. डोटेलने ती करून घेतली. यांकीजकडे सही केली, २००६ मध्ये अवघे १४ सामने मिळाले आणि मार खाल्ला. इथून त्याचं फिरणं सुरू झालं. २००७ साठी कॅन्सस सिटीत सही, जुलैअखेर अटलांटाला रवानगी. शिकागो व्हाइट सॉक्सकडे सही, तिथे दोन पूर्ण वर्षं. २०१० साठी पिट्सबर्गमध्ये सही, जुलैअखेर लॉस एंजेलिसला रवानगी, आणि सप्टेंबरमध्ये तिथून कोलोरॅडोला. एका उन्हाळ्यात तीन जर्सी. या शेवटच्या सौद्यात त्याच्या बदल्यात लॉस एंजेलिसला काय मिळालं? ‘ज्याचं नाव नंतर ठरेल असा एक खेळाडू’. करारांत हे शब्द असेच लिहिले जातात. मी ते पहिल्यांदा वाचले तेव्हा पुन्हा एकदा वाचून खात्री करून घेतली होती.

आता कर्ट फ्लडची आठवण काढल्याशिवाय पुढे जाता येत नाही. सेंट लुईस कार्डिनल्सकडे बारा वर्षं खेळलेल्या या कृष्णवर्णीय खेळाडूला ऑक्टोबर १९६९ मध्ये फिलाडेल्फियाला देऊन टाकलं गेलं. तेव्हाच्या करारात एक कलम असे, ज्यामुळे खेळाडू करार संपल्यावरही त्याच मालकाचा राही. मालक विकेल तिकडे जायचं, नाहीतर खेळ सोडायचा. फ्लडने डिसेंबरमध्ये कमिशनर बोवी कून यांना पत्र लिहून कळवलं की आपण खरेदी-विक्रीची वस्तू नाही. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं आणि जून १९७२ मध्ये तो पाच विरुद्ध तीन मतांनी हरला. त्याची कारकीर्द त्यातच संपली. पण १९७३ मध्ये नियम झाला: मेजर लीगमध्ये दहा वर्षं काढलेला आणि त्यातली शेवटची सलग पाच एकाच संघात असलेला खेळाडू सौदा नाकारू शकतो. डिसेंबर १९७५ मध्ये पीटर साइट्झ या लवादाने ते जुनं कलमच निकामी केलं आणि फ्री एजंट, म्हणजे मुक्त खेळाडू, ही गोष्ट अस्तित्वात आली.

डोटेलच्या सहा सह्या ही फ्लड आणि त्याच्या मागून आलेल्यांची देणगी. सहा सौदे हे जुन्या व्यवस्थेतलं शिल्लक राहिलेलं. आणि तो सौदा नाकारण्याचा हक्क? डोटेलने दहा वर्षं कधीच पार केली होती. पण सलग पाच वर्षं एका संघात? ह्यूस्टनमध्ये साडेचार झाली होती तेव्हा त्याला पाठवून दिलं. त्यानंतर कुठेच दोनहून जास्त नाहीत. सतत हलवला गेलेला माणूस, आणि न हलवला जाण्याचा हक्क फक्त न हललेल्यांना. कायद्यात अशा तरतुदी आपल्याकडेही पुष्कळ सापडतात. वर्षानुवर्षं कंत्राटावर राबणाऱ्याला विचारून पाहा.

कोणी म्हणेल, कोट्यवधी डॉलर मिळवणाऱ्याची कसली ही कणव? मान्य, त्याची गरिबी नव्हती, आणि त्यानेही तक्रारीचा सूर लावला नाही. पण मजुरी किती मिळते आणि आपल्या जागेविषयी आपलं किती चालतं, हे दोन निराळे प्रश्न आहेत. पहिल्याचं उत्तर मोठं असलं की दुसरा विचारायचाच नाही, हे मला पटत नाही. शिवाय हे खेळापुरतंच बोलायचं तर, ज्याला सहा वेळा कुणीतरी मागून घेतलं तो टाकाऊ कसा? जुलैअखेर फोन यायचा तो कुठल्यातरी संघाला आठव्या इनिंगसाठी भरवशाचा हात हवा असायचा म्हणूनच.

२०११ मध्ये टोरांटोकडे त्याने सही केली. २७ जुलैला सेंट लुईसने त्याला मागून घेतलं, म्हणजे फ्लडच्याच जुन्या संघाने. मॅनेजर होते तेच टोनी ला रूसा. त्याच सौद्यात टोरांटोहून आलेला आणखी एक पिचर होता एडविन जॅक्सन. टोरांटोचा तो म्हणायचा फक्त काही तासांपुरता. त्याच दिवशी शिकागोकडून त्याला घेऊन पुढे पाठवलं होतं. शिकागोहून जॅक्सनबरोबर टोरांटोला आलेला मार्क टिहेन हा तर २००४ च्या, डोटेल ओकलंडला गेला त्या त्रिकोणी सौद्यातही होता. पत्ते पिसावेत तसे हे लोक.

ऑगस्टच्या अखेरीस सेंट लुईस साडेदहा सामन्यांनी मागे होतं. शेवटच्या दिवशी ते बाद फेरीत पोहोचलं. पुढे मिल्वॉकीविरुद्धच्या सहा सामन्यांच्या मालिकेत त्यांच्या एकाही स्टार्टरला सहाव्या इनिंगमध्ये एकसुद्धा गडी बाद करता आला नाही. सगळ्या स्टार्टरांनी मिळून २४ इनिंग आणि एक गडी, बुलपेनने २८ इनिंग आणि दोन गडी. ज्यांना फोन आल्यावर उठायचं असतं त्यांनी मालिका ओढून नेली. पाचव्या सामन्याचा विजय डोटेलच्या नावावर जमा आहे. त्या वर्षीची वर्ल्ड सिरीज सेंट लुईसने टेक्सासविरुद्ध सातव्या सामन्यात जिंकली. ३७ व्या वर्षी, बाराव्या जर्सीत, त्याला विजेतेपद मिळालं.

तेरावी जर्सी डेट्रॉइटची, २०१२ मध्ये, आणि ती स्वतःच्या सहीने. २०१३ च्या वसंतात डोमिनिकन संघ एकही सामना न हरता वर्ल्ड बेसबॉल क्लासिक जिंकला, त्या संघात तो होता. ही जर्सी मात्र कुणी सौद्यात देऊ शकत नव्हतं. त्याच वर्षी कोपराने पुन्हा दगा दिला आणि मेजर लीग सुटली. एकूण ७५८ सामने, ९५१ इनिंग, ११४३ स्ट्राइकआउट, १०९ सेव्ह.

जून २०१८ मध्ये एडविन जॅक्सन ओकलंडची जर्सी घालून मैदानात उतरला. त्याचा तो तेरावा संघ. सात वर्षांपूर्वी त्याच सौद्यात सोबत आलेल्या माणसाच्या विक्रमाशी त्याने बरोबरी केली, आणि तो सामना होता डेट्रॉइटमध्ये.

८ एप्रिल २०२५ च्या पहाटे सांतो दोमिंगोतल्या ‘जेट सेट’ या नाइट क्लबचं छत गाण्याचा कार्यक्रम चालू असताना कोसळलं. २३० हून अधिक माणसं गेली. गायक रुबी पेरेझ गेले, बेसबॉलपटू टोनी ब्लांको गेला. डोटेलला ढिगाऱ्यातून जिवंत बाहेर काढलं होतं, पण दवाखान्यात नेताना तो वारला. वय ५१. त्या दिवशी न्यूयॉर्कमध्ये मेट्सच्या सामन्याआधी त्याच्यासाठी स्टेडियम क्षणभर शांत उभं राहिलं. तेरापैकी हा पहिला संघ, १९९३ मध्ये त्याची पहिली सही घेणारा, आणि त्याला सौद्यात देऊन टाकणाराही पहिलाच.